संयुगांची नावं लिहिताना या चुका टाळा

आययूपीएसी (रसायनशास्त्राची आंतरराष्ट्रीय संघटना) पद्धतीच्या नामकरणाचे प्रश्न एक-एक दोन-दोन गुणांचे असतात आणि तेवढे गुण हमखास जातात. नियम अवघड आहेत म्हणून नव्हे. रचना डोळ्यांखालून नीट न घालताच मुलं नाव लिहायला घेतात म्हणून. १८९२ साली जिनिव्हात रसायनशास्त्रज्ञ जमले आणि कार्बनी संयुगांच्या नावांना शिस्त लावायला सुरुवात झाली. १९१९ साली आययूपीएसी स्थापन झाली आणि पुढे हे काम तिच्याकडे आलं. हा सगळा खटाटोप एवढ्याचसाठी, की नाव वाचून जगात कुठेही कुणालाही तीच रचना काढता यावी. म्हणून माझी एक सवय आहे आणि ती मी वर्गावर लादतोच: नाव लिहून झालं की मूळ रचना हातानं झाकायची आणि नुसत्या नावावरून ती पुन्हा काढायची. अर्ध्याअधिक चुका तिथल्या तिथे सापडतात. घाई असलेली मुलं नेमकी हीच पायरी गाळतात.

आकड्यांची बेरीज करू नका

साखळीतल्या कार्बनांना एका टोकाकडून क्रमांक देतात, आणि शाखा कितव्या कार्बनावर आहे ते नावात त्या क्रमांकानं सांगतात. मला सगळ्यात जास्त छळणारी चूक इथलीच. 'ज्या टोकाकडून क्रमांकांची बेरीज कमी येते, तिकडून क्रमांक द्या' हे वाक्य क्लासच्या नोट्समधून पिढ्यान् पिढ्या फिरतंय. आययूपीएसीचा नियम वेगळा आहे. दोन्ही टोकांकडून मिळणारे क्रमांक चढत्या क्रमानं लिहायचे, एकेक आकडा ताडून बघायचा, आणि जिथे पहिला फरक दिसेल तिथे ज्याचा आकडा लहान तो संच घ्यायचा. पुढचे आकडे कितीही मोठे असोत.

चाचणीत मी एकदा दहा कार्बनांची साखळी आणि तिच्यावर तीन मिथिल गट (एकेका कार्बनाच्या शाखा) दिले होते. एका बाजूनं २,७,८ आणि दुसऱ्या बाजूनं ३,४,९. वर्गातल्या एका हुशार मुलानं ३,४,९ लिहिलं, गुण गेले आणि तो वही घेऊन आला. "सर, सोळा सतरापेक्षा कमीच की!" बेरीज बरोबरच होती. वहीतली आधीची सगळी उदाहरणंही त्यानं बेरजेनंच सोडवलेली आणि सगळी बरोबर आलेली. मग त्यानं तरी का ऐकावं? मी त्याला म्हटलं, दोनच शाखा असलेलं असं उदाहरण शोधून आण, जिथे तुझी बेरीज चुकते. दुसऱ्या दिवशी तो आला तो असं उदाहरण असूच शकत नाही हे मांडून. सरळ साखळीवर एक किंवा दोन शाखा असतील तर बेरीज आणि पहिला फरक नेहमी एकाच टोकाकडे बोट दाखवतात. तिसरी शाखा आली की दोघांचं जमेलच असं नाही. पुस्तकातली सुरुवातीची उदाहरणं एक-दोन शाखांची असतात, त्यामुळे चुकीच्या युक्तीवर विश्वास बसतो आणि परीक्षेत ती दगा देते. उत्तर २,७,८-ट्रायमिथिलडेकेन.

मी दोन्ही संच पेन्सिलनं एकाखाली एक लिहितो आणि अंगठ्यानं झाकून एकेक आकडा उघडतो. वर २, खाली ३, की तिथेच थांबायचं. पुढचे आकडे बघायचेच नाहीत.

सरळ दिसते ती साखळी सर्वांत लांब असेलच असं नाही

२-इथिलब्युटेन हे नाव मी दर वर्षी खोडतो. फळ्यावर चार कार्बन आडवे दिसले की मुलं तेवढेच मोजतात; दोन कार्बनांच्या इथिल गटातून वळून गेलं तर पाच मिळतात, म्हणजे ते ३-मिथिलपेंटेन. अल्केनच्या (फक्त एकेरी बंधांच्या हायड्रोकार्बनच्या) नावात १ वर मिथिल, २ वर इथिल किंवा ३ वर प्रोपिल आला की साखळी चुकली असं खुशाल समजा. मात्र हे फक्त अल्केनपुरतं. २-इथिलब्युटॅनॉइक आम्ल हे नाव बरोबर आहे, कारण आम्लगटातला कार्बन साखळीत घ्यावाच लागतो.

शाखांची नावं वर्णक्रमानं लिहितात. दोन, तीन सांगणारे डाय, ट्राय त्यात धरत नाहीत, म्हणून ४-इथिल-२,२-डायमिथिलहेक्झेन. वर्णक्रम इंग्रजी अक्षरांचा. मराठी माध्यमातून आलेली मुलं 'क' आधी म्हणून क्लोरो आधी लिहितात. ब्रोमो आधी येतो, आणि नाव होतं १-ब्रोमो-२-क्लोरोइथेन.

दुहेरी बंध दिसला की तिकडून मोजायला धावू नका. अल्कोहोलच्या हायड्रॉक्सिल (-OH) गटाचा मान आधी: ब्युट-३-ईन-१-ऑल. किटोन आणि अल्कोहोल एकत्र आले तर प्रत्यय किटोनचा आणि अल्कोहोलचा हायड्रॉक्सी, जसं ४-हायड्रॉक्सीपेंटॅन-२-ओन. हॅलोजन आणि नायट्रो कधीच प्रत्यय होत नाहीत. आकडा-आकडा यांत स्वल्पविराम, आकडा-अक्षर यांत आडवी रेघ.

आइड, आइट, एट

क्षारांच्या नावांची ही शेवटं. इथे चुकलात तर नुसते गुण जात नाहीत. एका ज्युनियर कॉलेजात क्षार-परीक्षणासाठी (दिलेला क्षार कोणता ते ओळखण्याच्या प्रयोगासाठी) सोडियम सल्फाइट मागवायचं होतं. मागणीपत्रात शेवटच्या 'ट'चा 'ड' झाला आणि सल्फाइड आलं. सल्फाइट पांढरी कोरडी भुकटी असते. डब्यात पिवळसर, ओलसर पापुद्रे होते, तरी ते तसंच मुलांना वाटलं गेलं. मुलांनी विरल हायड्रोक्लोरिक आम्ल घातलं आणि तोंडाशी आम्लयुक्त डायक्रोमेटचा कागद धरला. कागद हिरवा झाला आणि पहिली दोन मुलं खूश झाली, कारण सल्फर डायऑक्साइडनं तो हिरवा होतो हे त्यांना पाठ होतं. पण सल्फाइडवर आम्ल घातलं की हायड्रोजन सल्फाइड वायू निघतो, आणि त्यानंही तो हिरवा होतो. मी शेजारच्या खोलीतून आलो तो सडक्या अंड्यांच्या वासानं. लगेच खिडक्या उघडल्या आणि सगळ्यांना बाहेर काढलं. हा वायू विषारी आहे, आणि प्रमाण वाढलं की नाकाला त्याचा वास येणंच बंद होतं. त्या दिवशी कुणाला काही झालं नाही.

तेव्हापासून मागणीपत्रात प्रत्येक नावाशेजारी सूत्र लिहिल्याशिवाय मी सही करत नाही. सल्फाइडमध्ये ऑक्सिजन नाही, सल्फाइटमध्ये तीन, सल्फेटमध्ये चार. पण 'आइट म्हणजे तीन' असं घोकू नका: नायट्राइटमध्ये दोन आणि नायट्रेटमध्ये तीन असतात. आइटमध्ये एटपेक्षा एक ऑक्सिजन कमी, एवढंच धरून चाला. आणि नुसतं 'आयर्न क्लोराइड' लिहून सोडू नका. फेरस (लोहाचा +२ प्रभार) की फेरिक (+३) हे सांगणारा कंसातला रोमन आकडा नावाला चिकटूनच लिहायचा, मध्ये जागा सोडायची नाही.

नावं देणारं सॉफ्टवेअर

हल्ली मुलं रचना सॉफ्टवेअरमध्ये काढतात, नाव उतरवतात आणि ते पुस्तकाशी जुळत नाही म्हणून गोंधळतात. शिकण्याच्या काळात ही पळवाट मला पसंत नाही, कारण नाव का आलं हे ती सांगत नाही. तरी फरकाचं एक खरं कारण आहे. पूर्वी मुख्य साखळी निवडताना दुहेरी बंधाला लांबीपेक्षा जास्त मान होता. आययूपीएसीच्या २०१३ च्या शिफारशींनी लांबी आधी आणली. त्यामुळे शालेय पुस्तकांच्या जुन्या पद्धतीनं जे २-इथिलपेंट-१-ईन, तेच नव्या पद्धतीनं ३-मिथिलिडीनहेक्झेन. परीक्षेत आपल्या पुस्तकाप्रमाणे लिहा, आणि एका उत्तरात दोन्ही पद्धती मिसळू नका.