ब्रुनो एस.चे सिनेमे मंडळात दाखवायचे असतील तर

आमच्या बेळगावच्या उद्यमबागेतल्या कारखान्यांत फोर्कलिफ्ट चालवणाऱ्यात कुणाला नट दिसत नाही. बर्लिनचा ब्रुनो एस. मात्र कारखान्यात फोर्कलिफ्ट चालवायचा आणि जर्मन दिग्दर्शक वेर्नर हेर्झोगच्या दोन सिनेमांचा नायकही होता. बेळगावातल्याच शहापुरात आम्ही आमच्या मंडळात त्याचे सिनेमे लावतो. तुम्हालाही लावायचे असतील तर आमची रीत सांगतो.

हक्कवाल्यांची परवानगी आधी काढा, तो घोळ शेवटी नको.

त्याची कर्मकहाणी सुरुवातीला सांगायची नाही. लहानपण आणि तरुणपण मनोरुग्णालयांसारख्या संस्थांत कोंडून गेलं, असं कळलं की लोक हळहळत बसतात आणि अभिनय बघायचा राहून जातो. नाव ब्रुनो श्लाइनश्टाइन, जन्म 1932, नटाचं शिक्षण नाही. एवढं पुरे.

पहिल्यांदा ‘स्ट्रोशेक’ लावा, तो 1977 चा म्हणजे नंतरचा असला तरी. त्यात कर्ज थकल्यावर अमेरिकेत ब्रुनोच्या चाकांवरच्या घराचा लिलाव होतो. लिलाववाला इतक्या झपाट्यानं बोलतो की इंग्रजी येणाऱ्यालाही निम्मं कळत नाही. पण हप्ते भरणाऱ्या माणसाला तिथं भाषा लागतेय कशाला? ब्रुनो नुसता उभा असतो. त्या प्रसंगात मध्ये कुणालाही बोलू देऊ नका, मराठीत समजावून सांगणाऱ्यालासुद्धा.

बाकी ठिकाणी समजावायचं, पण वाक्यागणिक नको. प्रसंग बदलला की दोन ओळी मराठीत, एक कन्नडमध्ये, संपलं. भजनातल्या पेटीवाल्याला पुढं बसवा. अंगणात ब्रुनो अकॉर्डियन वाजवतो तेव्हा भात्यावरचा त्याचा हात पेटीवाल्यालाच नीट कळतो. सिनेमातलं बर्लिनचं घर आणि वाद्यं ब्रुनोची स्वतःचीच होती, हे मात्र सिनेमा संपल्यावर सांगा.

पुढच्या रविवारी 1974 चा कास्पर हाउजरवरचा सिनेमा. तो संथ आहे, नवखी माणसं उठून जातात, म्हणूनच दुसरा. इथं थोडी प्रस्तावना हवी: 1828 साली न्यूरेंबर्गमध्ये सोळाएक वर्षांचा, धड बोलताही न येणारा हा कास्पर नावाचा पोरगा हातात चिठ्ठी घेऊन उभा सापडला. ब्रुनो शूटिंगच्या वेळी चाळिशी ओलांडलेला. “हा पोरगा व्हय?” असं कुणीतरी विचारणारच. उत्तर देऊ नका. मेणबत्तीच्या ज्योतीला तो बोट लावतो आणि डोळ्यातून पाणी येतं, तिथवर थांबा, मग वय कुणी काढत नाही.

दोनच सिनेमे का, हे चहाच्या वेळी निघतंच. हेर्झोगनं त्याला ‘वोयत्सेक’ सिनेमातलं नायकाचं काम कबूल केलं होतं, मग ते क्लाउस किन्स्की या नटाला दिलं आणि भरपाई म्हणून ‘स्ट्रोशेक’ लिहिला. तिसऱ्यांदा काही घेतलं नाही. ब्रुनो गात, चित्रं काढत बर्लिनमध्येच राहिला, 2010 ला गेला. किन्स्कीचा ‘वोयत्सेक’ही लावा, असा आग्रह होईल. लावा की, पण महिनाभरानं. लगेच लावला तर सगळी संध्याकाळ दोघांच्या तुलनेतच जाते.