कलाविभागातील उमेदवारी

बडोद्यात दांडिया बाजारातील जुन्या वाड्यात वाढल्यामुळे आणि ललित कला विद्याशाखेतून चित्रकलेची पदवी घेतल्यामुळे, चित्रपटाच्या कलाविभागात आपण सहज रुळू अशी माझी समजूत होती. मुंबईत पहिले दोन महिने मात्र कुंचला हाती आलाच नाही. आली ती मोजण्याची टेप आणि पटकथेची प्रत.

काम ब्रेकडाउनपासून सुरू होते. प्रत्येक दृश्याची जागा, वेळ आणि त्यात लागणाऱ्या वस्तू यांचा तक्ता करायचा असतो. पटकथेत 'आई डबा भरते' एवढेच लिहिलेले असले, तरी डबा पितळी की स्टीलचा, त्यात काय भरले जाते आणि टेक पुन्हा घ्यावा लागल्यास तसाच डबा कितीदा भरावा लागेल, हे सहायकाला माहीत असावे लागते. त्यानंतर रेकी, म्हणजे चित्रीकरणाच्या जागेची पाहणी, मापे आणि पाव इंचाला एक फूट या प्रमाणातला आराखडा. प्लायवुडचा तुकडा आठ बाय चार फुटांचा येतो. भिंतीची मापे त्याच्या हिशेबाने धरली तर लाकूड आणि सुताराचा वेळ दोन्ही वाचतात. कॅमेरा मागे घेण्यासाठी कोणती भिंत काढता यावी, हेही तेव्हाच ठरते.

माझी फजिती झाली ती एका स्वयंपाकघराच्या सेटवर. कथा १९६९ सालची, घर मराठी; तेव्हा ओट्याशेजारच्या भिंतीवर मी मोठ्या आत्मविश्वासाने जुने कालनिर्णय लटकवले. आमच्या घरात ते माझ्या जन्माआधीपासून आहे, त्यामुळे शंका येण्याचे कारणच नव्हते. प्रकाशयोजना चालू असताना सेटिंगमधील, म्हणजे सेटवर सामान मांडणाऱ्यांपैकी, एक वयस्कर दादा शांतपणे म्हणाले, "ताई, हे ७३ साली सुरू झालं." त्या दिवसापासून सेटवरील प्रत्येक छापील वस्तूचा सुरू झाल्याचा काळ मी वहीत नोंदवते.

भिंत बांधण्यापेक्षा ती वापरलेली दिसावी यासाठी लागणारे कसब मला अधिक मोलाचे वाटते. कागद चहाच्या पाण्यात बुडवून वाळवला की पिवळसर होतो, हे कोणीही शिकवील. परंतु स्विचबोर्डाभोवतीचा मळ बोटे जिथे टेकतात तिथेच हवा, झोपाळ्याच्या कड्या फरशीवर नव्हे तर वरच्या तुळईवर घासतात, आणि देवघराच्या कोनाड्यातील काजळी ज्योतीच्या वर निमुळती होत जाते, हे पाहिल्याशिवाय कळत नाही. नवखा सहायक सगळीकडे सारखाच मळ फासतो, आणि तो लगेच खोटा दिसतो.

या कामाचा आणि बडोद्याचा संबंध जुना आहे. दादासाहेब फाळके १८९० मध्ये येथील कलाभवनात शिकायला आले आणि त्यांनी केलेल्या नाट्यगृहाच्या प्रतिकृतीला १८९२ मध्ये अहमदाबादच्या प्रदर्शनात सुवर्णपदक मिळाले. चित्रपट काढण्याच्या बरीच वर्षे आधी हा माणूस मॉडेल करत होता, याचा मला उगीचच अभिमान वाटतो.

रीतसर शिकायचे असल्यास पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा अभ्यासक्रम आहे. चित्रकला, शिल्पकला, उपयोजित कला, वास्तुकला किंवा अंतर्गत सजावटीच्या पदवीधरांना त्यासाठी प्रवेशपरीक्षा देता येते. थेट सहायक म्हणूनही उमेदवारी करता येते, मात्र काही महिन्यांचा खर्च हाताशी ठेवूनच मुंबईला जावे. माझ्या पहिल्या कामाचे पैसे नव्वद दिवसांनी मिळाले, तेही चार फोन केल्यावर.

आता माझ्याकडे कामासाठी येणाऱ्यांना मी चित्रांचा संग्रह नंतर दाखवायला सांगते. आधी त्यांनी स्वतःच्या घरातील स्वयंपाकघराचा मापांसह आराखडा करून आणायचा, आणि ओट्याची कड कुठे झिजली आहे ते त्यावर पेन्सिलीने दाखवायचे.