एश्त, एस की अकेल? पोर्तुगीजमधलं हा-तो

मराठीत आपलं हा आणि तो एवढ्यावर भागतं, पोर्तुगीजमधे मात्र तीन आहेत आणि नवीन शिकणारे बहुतेक इथेच अडकतात कारण ते अंतर मोजत बसतात. अंतर सोडा, वस्तू कोणापाशी आहे ते बघा. माझ्यापाशी असेल तर एश्त, तुझ्यापाशी असेल तर एस, आणि दोघांपासून लांब असेल तर अकेल. उच्चार लिस्बनकडचे लिहितेय.

बादली घेऊन करून बघा, खरंच. ती माझ्या हातात आहे तोवर मी म्हणणार एश्त बाल्द, तुझ्या हातात दिली की माझ्या तोंडी ती लगेच एस बाल्द होते आणि तू मात्र तिला आता एश्त म्हणशील, आणि विहिरीपाशी विसरून आलो असू तर दोघंही अकेल बाल्द. अडलं की जागेचा शब्द आठवा: अकी म्हणजे इथे माझ्याकडे, अई तुझ्याकडे, अली तिकडे. अकीला एश्त, अईला एस, अलीला अकेल, जोड्या ठरलेल्या.

लिंगाच्या बाबतीत मराठीवर अजिबात विसंबू नका. बादली, बटाटा, घमेलं, चावी हे आपल्याकडे पोर्तुगीजमधूनच आले पण बऱ्याच शब्दांचं लिंग वाटेत बदललं. आपली ती बादली तिकडे पुल्लिंगी, आणि आपला तो बटाटा तिकडे स्त्रीलिंगी म्हणून एश्ता बताता. घमेलंही तिकडे स्त्रीलिंगी. चावी तेवढी दोन्हीकडे ती, एश्ता शाव. स्त्रीलिंगी रूपं एश्ता, एस्सा, अकेला, अनेकवचनाला शेवटी स लागतो जो लिस्बनमधे श ऐकू येतो.

वस्तूचं नावच माहीत नसेल किंवा घडलेल्या गोष्टीबद्दल बोलायचं असेल तर ईश्तु, ईसु, अकीलु. "हे काय आहे?" मधलं जे हे, तेच हे. पुढे नाम लावायचं नाही, रूप बदलत नाही, आणि माणसाला तर चुकूनही म्हणायचं नाही, अपमान वाटतो. समोरच्याचं बोलणं पटलं की ईसु मेश्मु, म्हणजे अगदी बरोबर!

ब्राझीलचं पोर्तुगीज शिकत असाल तर तिथे बोलताना एश्त जवळजवळ गेलंय, हातातल्या वस्तूलाही एसी म्हणून पुढे अकी जोडतात. पण लिहिताना फरक पाळा असं मी तरी सांगेन.

शब्दयोगी जोडूनच येतात, मधे साठी न आणि चा-ची साठी द, म्हणजे नेश्त, देश्त, नकेल. गोव्यातली 1961 च्या आधीची घरातली पोर्तुगीज पत्रं वाचायला घ्याल तेव्हा हे फार उपयोगी पडतं. नेश्ता सिदाद असेल तर लिहिणाऱ्याचं शहर, नेस्सा सिदाद असेल तर ज्याला पत्र लिहिलंय त्याचं.