फ्लोअर लॅम्पसाठी बल्ब घेताना

बल्ब घेताना वॅटवर जाऊ नका, लुमेन बघा. वॅट म्हणजे बल्ब किती वीज खातो ते, आणि लुमेन म्हणजे उजेड किती पडतो ते. जुना ६० वॅटचा पिवळा बल्ब साधारण ८०० लुमेन उजेड द्यायचा. तेवढाच उजेड एलईडी ८ ते १० वॅटमध्ये देतो. खुर्चीशेजारी वाचायला हा पुरतो. शेड जाड कापडाची असेल तर बराच उजेड तीच गिळते, मग थोडा जास्त लुमेनचा घ्या. उजेड वर छताकडे फेकणारा लॅम्प असेल तर १५०० लुमेनच्या खाली जाऊच नका, कारण खोलीत पोहोचतो तो छतावरून परतलेला उजेड.

उजेडाचा रंग केल्विनमध्ये लिहिलेला असतो: आकडा लहान तितका उजेड पिवळसर, मोठा तितका पांढरा. संध्याकाळी बसायच्या खोलीत २७०० ते ३०००च हवा, असं माझं ठाम मत आहे. ६५००चा पांढराफटक उजेड डोळ्यांच्या उंचीवर अगदी बोचतो.

जुना बल्ब काढून होल्डर आट्यांचा आहे की पिनांचा, ते आधी बघा. होल्डरजवळच्या लेबलवर कमाल वॅट दिलेले असतात. ते ओलांडू नका, होल्डर आणि शेड तापतात. शेड सगळीकडून बंद असेल तर बंद दिव्यात चालणारा एलईडी घ्या, नाहीतर कोंडलेल्या उष्णतेने आतलं सर्किट लवकर जातं. आणि लॅम्पला डिमर, म्हणजे उजेड कमी-जास्त करायची सोय, असेल तर खोक्यावर ‘डिमेबल’ लिहिलेलं हवंच. साधा एलईडी तिथे लुकलुकतो, कधी गुणगुणतोसुद्धा.