सॅन फ्रान्सिस्कोत अ‍ॅडॉल्फ सुट्रो पायी कसा पाहावा

गाडी घरी ठेवा. डाउनटाउनहून गिअरी रस्त्याची ३८ नंबरची बस पकडा आणि ४८व्या अ‍ॅव्हेन्यूच्या शेवटच्या थांब्यापर्यंत बसून राहा. मी फ्रीमाँटला राहते. पाहुणे आले की त्यांना अशीच नेते, कारण एकोणिसाव्या शतकातला इथला धनाढ्य जमीनमालक सुट्रो, त्याचं राजकारण तिकिटावरूनच पेटलं. लोकांनी समुद्रावर यावं म्हणून त्याने आपली बाग सगळ्यांना खुली केली होती, पण तिथवर यायला रेल्वे कंपनी १० सेंट घ्यायची. पाचच घ्या, असा त्याचा हट्ट. १८९४ मध्ये लोकांनी त्याला महापौर म्हणून निवडून दिलं. त्या खुर्चीवर त्याला फारसं काही जमलं नाही. पण ५ सेंटांची विजेची ट्राम मात्र त्याने स्वतः आणली.

बसमधून उतरलं की सगळे खाली, त्याच्या जुन्या स्नानगृहाच्या अवशेषांकडे धावतात. तुम्ही आधी वर, दोन सिंहांच्या दारातून सुट्रो हाइट्सच्या बागेत शिरा. त्याचं घर १९३९ मध्ये पाडलं, दगडी कठडा उरला आहे. तिथे बसून डबा उघडा आणि सोबतच्यांना गोष्ट इथेच सांगा. जुलै-ऑगस्टमध्येही स्वेटर हवाच. धुकं हाडांत शिरतं.

जन्म १८३० चा, जर्मनीतल्या आखेनचा. घरचा कापडाचा व्यवसाय, कुटुंब ज्यू. विसाव्या वर्षी, सोनं शोधायला लोटलेल्या गर्दीत, तो इथे आला, पण त्याने फावडं धरलं नाही. तंबाखू आणि सिगार विकले. मग १८६० मध्ये नेवाडातल्या कॉमस्टॉकच्या चांदीच्या खाणी गाठल्या. खाणींत कढत पाणी साचायचं, हवा कोंडायची. डोंगराच्या पायथ्यापासून बोगदा खणला तर पाणी आपोआप वाहून जाईल, असं त्याच्या मनाने घेतलं. खाणमालक आणि त्यांच्या पाठीशी असलेली बँक आडवी आली. एप्रिल १८६९ मध्ये यलो जॅकेट खाणीला आग लागून किमान ३५ कामगार गेले, तेव्हा बोगदा सुटकेची वाटही ठरेल म्हणून खाणकामगार त्याच्या बाजूने उभे राहिले आणि ऑक्टोबरात खणायला सुरुवात झाली. सुमारे सहा किलोमीटरचा तो बोगदा १८७८ मध्ये खाणीला भिडला.

पुढचं घाईने सांगू नका. तोवर खाणी बोगद्याच्याही खाली गेल्या होत्या आणि चांदी सरत आली होती. सुट्रोने आपले शेअर विकले आणि तो निघून आला. मागे राहिलेल्यांच्या हाती घसरत्या किमतीचे कागद उरले. मला हा माणूस मनापासून आवडतो, तरी हे मी कधी गाळत नाही.

त्या पैशातून त्याने शहराच्या पश्चिमेची जमीन घेतली, बरीचशी नुसती वाळू. अखेरीस शहराचा सुमारे बारावा हिस्सा त्याचा होता. आमची आई सांगलीची. ती याच कठड्यावर म्हणाली, "एवढी वाळू घेऊन करायचं काय गं?" मी तिला मागे वळून बघायला सांगितलं. जिथे वाळू होती तिथे आता घराला घर लागलेलं आहे.

आता खाली उतरा. भिंती निसरड्या आहेत, लाटेकडे पाठ करू नका. ही सुट्रो बाथ्स, मार्च १८९६ ची: काचेच्या छताखाली पोहण्याचे हौद, भरतीच्या पाण्याने भरणारे. १९६६ मध्ये जळून गेली. इथे जॉन हॅरिस हे नाव आवर्जून घ्या. १८९७ मध्ये या कृष्णवर्णीय माणसाने पैसे देऊन तिकीट काढलं, तरी त्याला पाण्यात उतरू दिलं नाही. त्याने सुट्रोवर खटला भरला आणि जिंकला. पाच सेंटांसाठी लोकांच्या बाजूने भांडलेल्या माणसाच्या दारात हे घडलं, याचं मला आजही वाईट वाटतं.

सुट्रो १८९८ मध्ये गेला. त्याने जमवलेल्या प्रचंड ग्रंथसंग्रहातला निम्म्याहून अधिक भाग १९०६ च्या भूकंपानंतरच्या आगीत जळाला. उरलेला सॅन फ्रान्सिस्को स्टेट युनिव्हर्सिटीच्या ग्रंथालयात आहे. त्यासाठी वेगळा दिवस काढा, आणि आधी वेळ विचारून जा.