हप्ता परवडतो हो, पण कर्ज कितीला पडतंय? गृहकर्जातल्या या चुका टाळा

जून संपत आला की नाशिक रोडच्या माझ्या दहा बाय बाराच्या ऑफिसात रिटर्न भरणाऱ्यांची गर्दी सुरू होते. कुणी नोटांच्या प्रेसमधला, कुणी ओझरहून आलेला, बरेचसे अंबड-सातपूरच्या कारखान्यांतले. फायलीत फॉर्म १६ आणि त्याला टाचणी लावलेलं गृहकर्जाच्या व्याजाचं सर्टिफिकेट. मी प्रत्येकाला एक प्रश्न हमखास विचारतो, "कर्ज बाकी किती आहे?"

हप्ता विचारला तर रुपयापर्यंत सांगतात. तारीखही सांगतात, कारण त्या दिवशी खात्यात पैसे ठेवावे लागतात. बाकी विचारली की मोबाईल बाहेर येतो, पासवर्ड आठवत नाही, मग बायकोला फोन. वीस वर्षांसाठी डोक्यावर घेतलेल्या रकमेचा आकडा दहातल्या आठांना माहीत नसतो. बाकीच्या सगळ्या चुका इथूनच फुटतात.

हप्ता बघून कर्ज घेणं

समजा पाथर्डी फाट्याकडे ५० लाखांचा टू बीएचके घेतला आणि ४० लाख कर्ज काढलं. दर साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता बसतो ३४,७१३ रुपये. वीस वर्षांत तुम्ही भरता ८३ लाख ३१ हजार. म्हणजे घेतले ४० आणि वर व्याजाचे ४३ लाख ३१ हजार.

आता एजंट म्हणतो, "साहेब, तीस वर्षं करून टाकू, हप्ता कमी होईल." होतो ना. ३०,७५७ होतो. महिन्याला चार हजारांना थोडे कमी वाचतात. आणि व्याज जातं ७० लाख ७२ हजारांवर. चार हजारांच्या सोयीसाठी २७ लाख जादा. हे गणित एजंटाच्या मोबाईलमध्येही असतं, पण तो स्क्रीन वर सरकवून फक्त हप्ता दाखवतो. त्याचं कमिशन कर्ज मंजूर झालं की मिळतं. ते कधी फिटतं याच्याशी त्याला देणंघेणं नाही.

आणखी एक आकडा, जो ऐकून माणसं खुर्चीत सरळ होतात. पहिल्या हप्त्यातल्या ३४,७१३ मधले २८,३३३ व्याजात जातात, मुद्दल फिटतं ६,३८०. दहा वर्षं इमानेइतबारे हप्ते भरले, म्हणजे ४१ लाखांहून जास्त दिले, तरी बाकी राहते जवळपास २८ लाख. निम्मी मुदत संपली म्हणजे निम्मं कर्ज फिटलं, असं धरून चालणारे मला दरवर्षी भेटतात. अशांना मी चहा आधी पाजतो, आकडा मग सांगतो.

माझी सवय: सँक्शन लेटर, म्हणजे कर्जमंजुरीचं पत्र, आलं की हप्त्यांचं पूर्ण वेळापत्रक मागून घ्यायचं, प्रिंट काढायची आणि मुद्दलाचा रकाना हायलायटरने रंगवायचा. पीडीएफ नको. पीडीएफ कुणी उघडत नाही.

"दादा, हप्ता तर तेवढाच आहे"

ही माझ्या मावसभावाची गोष्ट. अंबडला नोकरी. २०२१ च्या दिवाळीत ३० लाखांचं कर्ज घेतलं, ६.९ टक्क्यांनी, २० वर्षांसाठी. हप्ता २३,०७९. तेव्हा रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो, ४ टक्के होता, कर्जं स्वस्त होती, आणि सगळे "आत्ताच घ्या" म्हणत होते. दर बदलता आहे, हे त्याला माहीत होतं. बदलतो म्हणजे वरही जातो, हे मात्र कुणी नीट सांगितलं नव्हतं आणि त्यानेही विचारलं नव्हतं.

मे २०२२ पासून रिझर्व्ह बँकेने दर वाढवायला सुरुवात केली. फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. बँकेचे मेसेज येत होते. भाऊ ते लोनच्या जाहिरातींबरोबर पुसून टाकत होता. जून २०२३ मध्ये रिटर्नसाठी आला तेव्हा मी सर्टिफिकेट बघितलं आणि विचारलं, "अरे, मुद्दल फिटलंच नाहीये की तुझं?" तो शांतपणे म्हणाला, "दादा, हप्ता तर तेवढाच आहे. वाढलं काय मग?"

हप्ता तेवढाच होता, कारण बँक मुदत ताणत होती. त्याचा दर ९.४ टक्क्यांवर गेला होता. बाकी साधारण २९ लाख. एवढ्या रकमेवर महिन्याचं व्याजच होतं २२,७१७. हप्ता २३,०७९. म्हणजे सगळं जाऊन मुद्दलात पडत होते ३६२ रुपये. दोन माणसांच्या मिसळीचे पैसे! याच हप्त्याने कर्ज फेडायचं तर आणखी ४४ वर्षं लागली असती. भावाचं वय तेव्हा ३८.

आम्ही दोघं शाखेत गेलो. तिथल्या बाईंनी संगणकात बघून सांगितलं की मुदत साठाव्या वर्षापलीकडे नेता येत नाही, त्यामुळे २२ वर्षं आणि हप्ता २६,००० च्या आसपास असा बदल होणारच आहे. भाऊ सुटकेचा श्वास टाकत होता. मी विचारलं, मूळ मुदत ठेवली तर? उत्तर आलं, २७,६०० च्या आसपास. म्हणजे महिन्याला सोळाशे रुपये वाचवायचे म्हणून साडेतीन वर्षं जादा हप्ते. हिशेब केला तर सात लाखांहून जास्त फरक. त्याने २८,००० करून घेतला. दोन महिने माझ्याशी जरा तुटक बोलत होता, ते सोडा.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये रिझर्व्ह बँकेने याबद्दल नियमच काढला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडण्याचा हक्क कर्जदाराला द्यायचा. स्थिर दरावर जाण्याचा पर्यायही द्यायचा होता, पण ऑक्टोबर २०२५ पासून तो देणं बँकेच्या मर्जीवर आहे. दर तिमाहीला विवरण द्यायचं, त्यात आजवर किती मुद्दल आणि किती व्याज गेलं, किती हप्ते उरले, हे लिहायचं. हक्क आहे, पण तो वापरायला पत्र तुम्हालाच द्यावं लागतं. गप्प बसलात तर बहुतेक वेळा मुदतच ताणली जाते, कारण त्यावर कुणी भांडायला येत नाही.

उलटंही ध्यानात ठेवा. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो ६.५ वरून ५.५ वर आला. हप्ता कमी झाला म्हणून लोकांनी पेढे वाटायचे बाकी ठेवले होते. दर उतरला की हप्ता होता तेवढाच ठेवा आणि मुदत कमी करून घ्या. तो जुना हप्ता तुम्ही भरतच होतात की.

आणि तुमचा दर कशाला बांधलेला आहे, ते एकदा कागदावर बघा. बँकांची १ ऑक्टोबर २०१९ नंतरची बदलत्या दराची गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडलेली असतात. त्याआधीची बरीच अजून जुन्या पद्धतीवर रखडली आहेत. थोडी फी भरून बदलता येतात. घरकर्ज कंपन्यांना मात्र तो नियम नाही, त्यांचा दर त्या स्वतः ठरवतात. तिथे दर उतरल्याची बातमी पेपरात येते, तुमच्या खात्यात येत नाही.

"टॅक्स वाचतो ना" म्हणून कर्ज ठेवणं

हे ऐकलं की माझं डोकं फिरतं, आणि माझा धंदाच टॅक्सचा आहे.

वरच्याच ४० लाखांच्या कर्जावर पहिल्या वर्षी व्याज जातं सुमारे ३ लाख ३७ हजार. स्वतः राहत असलेल्या घरासाठी जुन्या करप्रणालीत वजावट मिळते जास्तीत जास्त २ लाखांची. तुम्ही २० टक्क्यांच्या टप्प्यात असाल तर सेससकट वाचतात ४१,६००. अगदी ३० टक्क्यांच्या टप्प्यात असलात तरी ६२,४००. बासष्ट हजार वाचवायला सव्वातीन लाखांवर व्याज देणं, याला बचत म्हणत असाल तर म्हणा बापडे. नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट नाहीच, आणि आता तीच आपोआप लागू होते. तरीही गेल्या जुलैत एक गृहस्थ बोनसचे तीन लाख कर्जात भरायचं सोडून "टॅक्स बेनिफिट जाईल" म्हणून एफडीत ठेवून आले. नव्या प्रणालीत होते ते. मी काही बोललो नाही, फक्त फॉर्म त्यांच्याकडे वळवला.

घराची किंमत म्हणजे फ्लॅटची किंमत असं समजणं

३० ते ७५ लाखांच्या कर्जाला बँक किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच देते. त्या किमतीत मुद्रांक शुल्क आणि नोंदणी धरत नाहीत. ५० लाखांच्या फ्लॅटला दहा लाख तुमचे. मुद्रांक शुल्क महापालिका हद्दीत सहा टक्के धरून चला, म्हणजे तीन लाख. फक्त बाईच्या नावावर घेतलं तर एक टक्का सवलत आहे, ती मागा. नोंदणी ३० हजार. इमारत बांधकामात असेल तर पाच टक्के जीएसटी, आणखी अडीच लाख. पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यावर घेतलं तर जीएसटी नाही. एवढं धरून पंधरा-सोळा लाख खिशात हवेत आणि वर पंखे, पडदे, ग्रिल. हा खड्डा भरायला पर्सनल लोन काढणारे महिन्याला दोन हप्ते भरतात आणि पहिल्याच वर्षी माझ्यासमोर बसून "काही जमत नाही" म्हणतात. घाई कशाची असते? तर "सिंहस्थ तोंडावर आलाय, भाव वाढणार" असं बिल्डरने सांगितलेलं असतं. गोदावरीला सिंहस्थ दर बारा वर्षांनी येतो, बिल्डरचा दर आठवड्याला.

प्री-ईएमआय

बांधकाम चालू असताना फक्त दिलेल्या रकमेवरचं व्याज भरायचं, मुद्दल जिथल्या तिथे. ३० लाख उचलले असतील तर साडेआठने महिन्याला २१,२५०. ताबा तीन वर्षं लांबला तर ७ लाख ६५ हजार गेले, कर्ज अजून ३० लाखच, आणि शेजारी घरभाडंही चालू. पूर्ण हप्ता सुरू करता येतो का, हे पहिल्याच दिवशी विचारा.

विमा कर्जात मिसळून घेणं

ही माझी स्वतःची चूक. सह्या करताना एक कागद जास्त आला, मी सही केली. एकरकमी प्रीमियम कर्जातच मिळवलेला होता. आजच्या आकड्यात सांगायचं तर सव्वा लाखाच्या आतबाहेरचा प्रीमियम. १ लाख २० हजार धरले, तरी साडेआठने वीस वर्षांत त्याचे अडीच लाख होतात. असा विमा कायद्याने सक्तीचा नाही. साधा टर्म विमा, म्हणजे फक्त मृत्यू झाला तर पैसे देणारा, वेगळा घ्या, प्रीमियम वर्षाला भरा.

जादा पैसे भरायला उशीर करणं

बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले तर दंड लागत नाही. अजून निम्म्या लोकांना वाटतं की लागतो. ४० लाखांच्या त्याच कर्जात पहिल्या वर्षाच्या शेवटी एक लाख जादा भरला तर जवळपास चौदा हप्ते कमी होतात. तोच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरला तर चार. माझा सल्ला जुनाट आहे: दरवर्षी दिवाळीच्या बोनसमधून एक हप्ता जादा भरायचा. एवढ्याने वीस वर्षांचं कर्ज तीन वर्षांहून जास्त आधी संपतं. पैसे भरताना "मुदत कमी करा" असं लेखी द्या, नाहीतर हप्ता कमी करून मोकळे होतात. सहा महिन्यांच्या खर्चाची रक्कम मात्र बाजूला ठेवूनच भरा. सगळं कर्जात ओतून मग आजारपणात क्रेडिट कार्ड घासणारा शहाणाही मी पाहिलाय.

"गृहकर्ज स्वस्त असतं, त्यापेक्षा एसआयपी करा", म्हणजे दरमहा म्युच्युअल फंडात पैसे टाका, म्हणणाऱ्या पोरांशी मी वाद घालत नाही. फक्त विचारतो, एसआयपी चालू आहे का? बहुतेकांची गाडी चालू असते.

फर्निचरसाठी टॉप-अप, म्हणजे चालू गृहकर्जावर आणखी कर्ज

सोफा सात वर्षांत मोडतो. त्याचे हप्ते पंधरा वर्षं चालतात.

फिटलं म्हणून विसरून जाणं

शेवटचा हप्ता गेला की लोक त्र्यंबकेश्वरला जाऊन येतात आणि कागद बँकेतच राहतात. पूर्ण फेड झाल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत करायची, उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यायची, असा १ डिसेंबर २०२३ पासून नियम आहे. नोड्यूज, म्हणजे काही बाकी नाही असा, दाखला घ्या. रो-हाऊस किंवा प्लॉट असेल तर सातबाऱ्यावरचा किंवा प्रॉपर्टी कार्डावरचा बोजा उतरवून घ्या. तो आपोआप उतरत नाही, दाखला जोडून अर्ज करावा लागतो. मखमलाबादच्या एका काकांनी कर्ज फेडून नऊ वर्षं झाली होती. मुलीच्या लग्नाआधी प्लॉट विकायला काढला, तर उताऱ्यावर बोजा तसाच, कर्ज देणारी शाखा दुसऱ्या शाखेत विलीन झालेली, आणि तिथे त्यांच्या फायलीचा पत्ता कुणालाच नाही. घेणारा महिनाभर थांबला आणि मग त्याने म्हसरूळला दुसरा प्लॉट घेतला.