लेबरच्या केसचं अपील कुठं करायचं? वकिलाकडे जायच्या आधीची तयारी

ऑर्डर हातात पडली की पहिला प्रश्न असतो, आता अपील कुठं? आणि शेजारचा कुणीतरी लगेच सांगून मोकळा होतो, हायकोर्टात जा. जरा थांबा. लेबरच्या भांडणांना असं एकच अपिलाचं कोर्ट नाहीये. एकेकाळी होतं, 1950 च्या कायद्याने लेबर अपेलेट ट्रिब्युनल काढलेलं, 1956 च्या दुरुस्तीत ते गुंडाळलं. आता ज्या कायद्याखाली ऑर्डर झाली तोच कायदा अपील कुठं ते सांगतो, आणि काही ठिकाणी तर अपील ठेवलेलंच नाही.

म्हणून आधी ऑर्डरच्या पहिल्या पानावर कायद्याचं नाव नि कलम शोधा आणि पेनाने गोल करा. आयडी ॲक्टमध्ये (औद्योगिक विवाद कायदा) लेबर कोर्टाने अवॉर्ड, म्हणजे निकाल, दिला असेल तर अपील नाही, थेट हायकोर्टात रिट अर्ज. पण तीच नोकरीवरून काढल्याची केस एमआरटीयू पीयूएलपीखाली (अनुचित कामगार प्रथांविरुद्धचा महाराष्ट्राचा कायदा) लावली असेल तर लेबर कोर्टावरून इंडस्ट्रियल कोर्टात रिव्हिजन, म्हणजे फेरतपासणी, होते, हायकोर्ट त्याच्यानंतर. कामावरच्या अपघाताची भरपाई किंवा ईएसआय (कामगार राज्य विमा) असेल तर अपील हायकोर्टातच, पण कायद्याचा मोठा मुद्दा असेल तरच, रक्कम कमी वाटते एवढ्यावर भागत नाही. पीएफचं अपील 2017 पासून केंद्राच्या इंडस्ट्रियल ट्रिब्युनलकडे, तिथं बहुतेक मालकच जातो. आणि हो, 21 नोव्हेंबर 2025 पासून केंद्राच्या जुन्या कामगार कायद्यांच्या जागी चार लेबर कोड लागू झालेत, त्यामुळे तारीख बघा, तुमची केस जुन्या कायद्यात चालणार की नव्या, हे वकिलाला पहिल्याच भेटीत विचारा.

सगळ्यात जास्त घोळ ग्रॅच्युइटीत होतो. महाराष्ट्रात जुन्या ग्रॅच्युइटी कायद्याखाली लेबर कोर्टाने कंट्रोलिंग ऑथॉरिटी (ग्रॅच्युइटीचा दावा ठरवणारा अधिकारी) म्हणून ऑर्डर दिली की अपील इंडस्ट्रियल कोर्टात, हे बरोबर, पण कंपनीची एक शाखा गुजरातेत नाहीतर गोव्यात असली तरी ग्रॅच्युइटीसाठी ती कंपनी केंद्र सरकारच्या अखत्यारीत जाते, मग ऑर्डर असिस्टंट लेबर कमिशनर सेंट्रल देतात आणि अपील त्यांच्या वरच्या अधिकाऱ्याकडे. तेव्हा कंपनीचं जुनं लेटरहेड, ज्यावर खाली सगळ्या ब्रँचचे पत्ते असतात, ते शोधून ठेवा. सॅलरी स्लिपवर हे नसतं.

ग्रॅच्युइटीच्या अपिलाची मुदत ऑर्डर मिळाल्यापासून 60 दिवस, सबळ कारण असेल तर आणखी 60, त्यापुढे कायद्यात जागा नाही. ऑर्डरवरची तारीख वेगळी आणि ती तुमच्या हातात आली ती वेगळी, म्हणून पोस्टाचं पाकीट टाकू नका. आमच्या मामांनी पाकीट बंबात घातलं, आत फक्त ऑर्डर होती ना, मग पाकिटाचं काय करायचं म्हणून! नंतर तारीख सिद्ध करायला पोस्टात चार खेटे. पाकीट ऑर्डरलाच स्टेपल करा, शिक्का दिसेल असं, आणि मोबाईलवर फोटो काढून घरच्या कुणालातरी पाठवून ठेवा. सर्टिफाईड कॉपीचा अर्ज त्याच आठवड्यात टाका, रोजनामा (कोर्टाची दर तारखेची नोंद) नि निशाण्यांच्या (केसमध्ये दाखल कागदांच्या) नकला पण मागा, नाहीतर अपिलात काय दाखवणार.

मालक अपिलात गेला तर घाबरू नका, आधी हे विचारा की पैसे भरले का. ग्रॅच्युइटीची रक्कम डिपॉझिट केल्याशिवाय मालकाचं अपील दाखलच करून घेत नाहीत, ती पावती फाईलमध्ये आहे का ते स्वतः बघा. आणि कामावर परत घेण्याचा आयडी ॲक्टचा अवॉर्ड असेल आणि कंपनी हायकोर्टात गेली तर त्याच कायद्याचं कलम 17 बी लक्षात ठेवा, दुसरीकडे नोकरी करत नाही असं अफिडेविट दिलं की केस चालेपर्यंत शेवटचा पगार मिळतो. त्यासाठी शेवटची सॅलरी स्लिप आणि बँक पासबुक अपडेट करून घ्या, एन्ट्र्या छापून, ऑनलाईन स्क्रीनशॉटवर काहीजण अडवतात.

कोर्टात कागद दाखल करायला जाताना त्यांचे दोन सेट न्या, आणि आपल्या सेटवर आवकचा शिक्का मारून घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका.